चिठ्ठी इंग्रजीत का होती? मूकपटांतले इटालियन गुंड आणि ‘ब्लॅक हँड’

मे महिन्याच्या सुट्टीत भाचा आला होता. बारावी झालेला, माफियांवरच्या वेबसीरिज कोळून प्यालेला. कोणत्या डॉनने कोणाला कुठे गाठलं हे त्याला तोंडपाठ. म्हटलं, ये, तुला या सगळ्यांच्या खापरपणजोबाला भेटवतो. मोबाईलवर जेमतेम अकरा मिनिटांची एक फिल्म लावली. साल १९०६, नाव ‘द ब्लॅक हँड’. आवाज नाही, रंग नाही, कॅमेरा एका जागी खिळ्यासारखा ठोकलेला.

पहिल्या दोन मिनिटांत तो कंटाळला. मग पडद्यावर एक चिठ्ठी आली. दोन इटालियन गुंड एका इटालियन खाटकाला खंडणीची धमकी देतात, ती चिठ्ठी. भाच्याने फिल्म थांबवली आणि म्हणाला, “मामा, लिहिणारे इटालियन, वाचणारा इटालियन. मग चिठ्ठी इंग्रजीत का?”

मी ही फिल्म आधी चारपाच वेळा पाहिली होती. मला हा प्रश्न कधी पडला नव्हता. आज आपण ‘माफिया’ म्हटलं की जे डोळ्यांसमोर आणतो, त्याचं मूळ बरंचसं या प्रश्नात आहे. म्हणून जरा मागून सुरुवात करू.

हे इटालियन आले कुठून?

१८८० ते १९२० या चाळीस वर्षांत सुमारे ४० लाख इटालियन अमेरिकेत उतरले. त्यातले बहुतेक दक्षिणेचे: सिसिली, कालाब्रिया, नेपल्सच्या आसपासचा मुलूख. शेतमजूर, कोळी, गवंडी, न्हावी. इटली हा एकसंध देश म्हणून १८६१ मध्येच जन्माला आलेला. त्यामुळे बोटीत चढताना हे लोक स्वतःला ‘इटालियन’ म्हणवतही नसत. कोणी सिसिलियन, कोणी नेपोलितान, आणि त्यातही अमुक गावचा. मालवणी आणि वऱ्हाडी माणूस परदेशी विमानतळावर उतरला की दोघेही नुसते ‘इंडियन’ होतात, तसे हे न्यूयॉर्कच्या धक्क्यावर इटालियन झाले.

राहायला मिळाल्या त्या मलबरी स्ट्रीटच्या आसपासच्या अंधाऱ्या चाळी. जेकब रीस नावाच्या पत्रकाराने १८८८ च्या सुमारास तिथल्या एका बोळाचा फोटो प्रसिद्ध केला. दोन्ही बाजूंना रोखून बघणारे पुरुष, वर दोरीवर वाळत घातलेले कपडे. फोटोचं नाव ‘बँडिट्स रूस्ट’, म्हणजे दरोडेखोरांचा अड्डा. बोळात उभा असलेला प्रत्येक जण खरोखर दरोडेखोर होता का? ते फोटोवरून कळायला काही मार्ग नाही. पण नाव वाचल्यावर दुसरं काही दिसतही नाही. सिनेमाने पुढे हीच युक्ती उचलली.

‘माफिया’ हा शब्द तोवर वर्तमानपत्रांत रुळायला लागला होता. १८९० च्या ऑक्टोबरात न्यू ऑर्लिन्सचे पोलीसप्रमुख डेव्हिड हेनेसी यांचा खून झाला. संशय सिसिलियन लोकांवर. नऊ जणांवर खटला चालला, ज्यूरीने एकालाही दोषी ठरवलं नाही. दुसऱ्या दिवशी, १४ मार्च १८९१ रोजी, जमावाने तुरुंग फोडला आणि ११ इटालियनांना ठार मारलं. जन्मानेच गुन्हेगार असलेल्या जमाती असतात, ही कल्पना त्या काळी शास्त्र म्हणून मिरवत होती. आपल्याकडे ब्रिटिशांनी १८७१ मध्ये गुन्हेगार जमाती कायदा केला आणि पारध्यांसारख्या समाजांच्या कपाळी तो शिक्का पिढ्यान् पिढ्या बसला, त्याच काळातली ही हवा. इटलीतच चेझारे लोम्ब्रोसो नावाचे विद्वान गुन्हेगाराची कवटी आणि जबडा मोजून निष्कर्ष काढत होते.

ब्लॅक हँड म्हणजे नेमकं काय?

शब्दशः ‘काळा पंजा’, इटालियनमध्ये ‘मानो नेरा’. नाव ऐकून वाटतं मोठी टोळी असेल, तिचा एक म्होरक्या असेल, शपथा असतील, गुप्त बैठका असतील. तसं काही नव्हतं.

गणपतीच्या दिवसांत दारावर वर्गणीवाले येतात. हातात पावतीपुस्तक, वर मंडळाचं नाव, गणपतीचं चित्र. आता समजा चार टवाळांनी छापखान्यातून एका दबदबा असलेल्या मंडळाच्या नावाचं खोटं पावतीपुस्तक छापून आणलं. पलीकडच्या गल्लीतल्या दुसऱ्या चौघांनी ते बघून तसंच आणखी एक छापलं. दोघांचा एकमेकांशी संबंध नाही, मंडळाशी तर नाहीच. पण नावाची जरब असल्याने दुकानदार गुपचूप पैसे काढतो. ब्लॅक हँड हे असं पावतीपुस्तक होतं. चिठ्ठी लिहायची, पैसे मागायचे, खाली काळा पंजा, खंजीर, कवटी किंवा शवपेटी काढायची. कोणीही काढावी.

हे नाव गाजलं १९०३ मध्ये. ब्रुकलिनमधल्या निकोला काप्पिएल्लो नावाच्या कंत्राटदाराला ‘मानो नेरा’ अशी सही असलेल्या धमक्या आल्या. मागणी १०,००० डॉलरची, नाहीतर घर डायनामाइटने उडवू. वर्तमानपत्रांना नाव भलतंच आवडलं. छापायला सोपं, ऐकायला भयंकर. त्यानंतर कुठल्याही इटालियन वस्तीत काही झालं की मथळा ठरलेला. मथळे वाचून आणखी भुरटे तीच सही करू लागले, कारण आयती दहशत फुकट मिळत होती. पेपरवाले आणि खंडणीवाले एकमेकांना असे पोसत राहिले.

यात एक गोष्ट सहज निसटते. चिठ्ठ्या जात होत्या त्या बहुतेक इटालियन माणसांनाच: खाटीक, बेकरीवाला, सावकार, ज्याचं बरं चाललंय असं गल्लीला दिसतंय तो. प्रसिद्ध गायक एन्रिको कारुसोलाही १९१० मध्ये अशी धमकी आली होती. त्याने पोलिसांना कळवलं आणि पैसे घ्यायला आलेले लोक पकडले गेले.

अकरा मिनिटांत काय दिसतं?

आता फिल्मकडे. अमेरिकन म्युटोस्कोप अँड बायोग्राफ या न्यूयॉर्कच्या कंपनीने ती काढली. दिग्दर्शक वॉलेस मॅकचन, कॅमेरा बिली बिट्झरचा. नावाखाली उपशीर्षक आहे: न्यूयॉर्कच्या इटालियन वस्तीत नुकत्याच घडलेल्या प्रसंगाची खरी हकीकत. ‘सत्य घटनेवर आधारित’ ही पाटी किती जुनी आहे बघा.

एका कोंदट खोलीत दोन गुंड दारू पीत चिठ्ठी लिहितात. मिस्टर अँजेलो नावाच्या खाटकाकडे १,००० डॉलरची मागणी. नाही दिलेस तर तुझी मारिया उचलू आणि दुकान उडवू. ही चिठ्ठी पूर्ण पडदाभर दाखवली आहे. ‘सावध’ या अर्थाच्या इंग्रजी शब्दातलं शेवटचं अक्षर गळलेलं, ‘जिवावर उदार’ या अर्थाचा शब्द कानाला ऐकू येतो तसा लिहिलेला. खाली पंजा.

मग दुकान, खाटीक, घाबरलेली बायको. पैसे मिळत नाहीत, म्हणून चिमुरड्या मारियाला पळवतात. हा प्रसंग या फिल्ममधला सगळ्यात जिवंत तुकडा आहे. बाकी सगळं स्टुडिओत, रंगवलेल्या भिंतींसमोर. हा मात्र खऱ्याखुऱ्या सेव्हन्थ अव्हेन्यूवर, हिवाळ्यात, रस्त्यावर बर्फ असताना चित्रित केला आहे. गाडी येऊन थांबते, पोरगी आत ओढली जाते, गाडी निघून जाते. मागे न्यूयॉर्क आपलं आपल्या कामात. जाणाऱ्या-येणाऱ्यांतला नट कोण आणि खरा वाटसरू कोण, सांगता येत नाही. स्टुडिओतली भीती नाटकी वाटते, इथली वाटत नाही.

शेवटी पोलीस दुकानातल्या मांस साठवायच्या थंड खोलीत दबा धरून बसतात. पैसे न्यायला आलेला गुंड सापडतो, अड्ड्यावर धाड पडते, मारिया सुटते. खेळ खलास.

ही फिल्म टिकली कशी, तेही मजेदार आहे. त्या काळी अमेरिकेच्या कॉपीराइट कायद्यात सिनेमा नावाची गोष्टच नव्हती, फोटो होता. म्हणून कंपन्या अख्खी फिल्म चौकट-चौकट करून कागदाच्या लांबलचक गुंडाळीवर छापायच्या आणि ‘हे घ्या आमचे फोटो’ म्हणून वॉशिंग्टनला जमा करायच्या. मूळ फिती जळाल्या, सडल्या, फेकल्या गेल्या. कागदाची भेंडोळी मात्र लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये पडून राहिली. पुढे कित्येक दशकांनी त्यांवरून पुन्हा फिल्म तयार केली गेली. भाच्याने माझ्या मोबाईलवर पाहिलं ते त्या कागदाचं देणं.

तर चिठ्ठी इंग्रजीत का?

खऱ्या चिठ्ठ्या इटालियनमध्ये किंवा सिसिलीच्या बोलीत असत. त्यातल्या कित्येक तर कमालीच्या अदबशीर. ‘माननीय महोदय’ने सुरुवात, कुटुंबाची विचारपूस, मग पैशांचा विषय. आपल्याकडचा मुरलेला माणूस ‘साहेब, मुलं कुठल्या शाळेत जातात?’ एवढंच विचारतो आणि समोरच्याला घाम फुटतो, तशी भाषा.

ही अदब अमेरिकन प्रेक्षकाला दाखवून उपयोग काय? त्याला इटालियन वाचता येत नाही. म्हणून चिठ्ठी इंग्रजीत हवी. शुद्ध इंग्रजीत लिहिली तर ती इटालियन गुंडाची वाटणार नाही. म्हणून चुका हव्यात. त्या चुकांनी दोन कामं एकदम होतात: हे परके आहेत हे कळतं, आणि हे अडाणी आहेत म्हणून हसूही येतं. थोडक्यात, चिठ्ठीवर नाव अँजेलोचं असलं तरी ती लिहिली आहे तिकीट काढून बसलेल्या माणसाला.

एकदा हे लक्षात आलं की त्या काळच्या अशा बहुतेक फिल्म वेगळ्या दिसायला लागतात. इटालियन माणूस पडद्यावर आहे, पण त्याचं बोलणं, कपडे, हातवारे सगळे तिसऱ्याच कोणासाठी आहेत.

मुक्या माणसाचा प्रांत कसा ओळखायचा?

बोलपटात हे काम उच्चार करतात. आपल्या सिनेमातसुद्धा पात्राने तोंड उघडलं की ते कोल्हापूरचं की नागपूरचं, कळतं. मूकपटात ती सोय नाही. आपल्या फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’लाही (१९१३) प्रसंगांमध्ये मजकुराच्या पाट्या घालाव्या लागल्या. पण पाट्या तरी किती घालणार? लोक वाचायला थोडेच येतात.

मग खुणा ठरल्या. गळ्यात रुमाल, कानात बाळी, झुपकेदार मिशी, कमरेला बारीक लांब सुरी. पिस्तूल अमेरिकन माणसाकडे, सुरी इटालियन माणसाकडे. अमेरिकन माणूस चिडला की ठोसा मारतो, इटालियन चिडला की डोळे फिरवतो, हात नाचवतो, शपथ घेतो आणि रात्री अंधारात येतो. तमाशातला सोंगाड्या किंवा दशावतारातला संकासुर पाऊल टाकताच प्रेक्षकाला कळतो, तसाच हा प्रकार. फरक एवढाच की संकासुर घरी जाताना कोणाच्या शेजारी राहायला जात नाही. आणि रुमालवाल्याचं काम करणारा नट बहुतेक वेळा इटालियन नसायचाच.

मूकपटाला चिठ्ठीचं वेडही याच कारणाने. पात्राच्या तोंडचं ऐकवता येत नाही, पण त्याच्या हातातला कागद पडदाभर दाखवता येतो. धमकी जर लेखी येत असेल तर पटकथालेखकाचं अर्धं काम झालं. ब्लॅक हँडचा गुन्हाच मुळी असा की तो चिठ्ठीने सुरू होतो. अशी आयती सोय सोडतो कोण?

खिडकीबाहेर लटकलेलं बाळ

१९०९ मध्ये याच बायोग्राफ कंपनीत डी. डब्ल्यू. ग्रिफिथ नावाच्या दिग्दर्शकाने ‘द कॉर्ड ऑफ लाइफ’ काढली. कॅमेरा बिट्झरचाच. गोष्ट अशी: एक सिसिलियन बदमाश आपल्या चुलतभावाकडे पैसे मागतो. तो हाकलून देतो. मग हा भावाच्या घरात शिरतो, तान्हं बाळ टोपलीत घालतो, टोपली दोरीने खिडकीबाहेर सोडतो आणि दोरीवर खिडकीची चौकट बंद करतो. आता जो कोणी खिडकी उघडेल तोच बाळाला खाली टाकेल. आई घरात येते. तिला यातलं काहीच ठाऊक नाही. ती खिडकीपाशी जाते. तिकडे बाप रस्त्यातून जीव तोडून धावतोय. इकडे आईचा हात खिडकीला. तिकडे बाप. इकडे खिडकी.

दोन ठिकाणी एकाच वेळी घडणाऱ्या गोष्टी आलटून पालटून दाखवणं, याला समांतर संकलन म्हणतात. आज कुठल्याही मालिकेत बाँबची वायर आणि धावणारा हिरो असा खेळ चालतो तो हाच. ग्रिफिथने हे तंत्र एकट्याने शोधलं असं नाही, पण त्याची नस त्याला सापडली होती. इथे आपल्या विषयाला लागू अशी एक गोष्ट आहे. हे तंत्र चालायचं तर खलनायक क्रूरच लागतो, आणि त्याला वेळ घालवून कारणं देता येत नाहीत. ‘हा असं का करतो?’ याचं उत्तर एका शब्दात मिळायला हवं. ते उत्तर ‘सिसिलियन’ या शब्दात मिळत होतं. त्याच वर्षीच्या ‘अ‍ॅट द ऑल्टर’मध्ये नाकारलेला इटालियन प्रेमी चर्चच्या वेदीत पिस्तूल दडवतो, नवरी गुडघे टेकताच सुटेल असं. पुन्हा तेच: गुंतागुंतीचं यंत्र आणि सोपा माणूस.

१९१२ मध्ये ग्रिफिथ-बिट्झर जोडीने ‘द मस्केटिअर्स ऑफ पिग अ‍ॅली’ काढली. गुंड भिंतीला घासत कॅमेऱ्याच्या इतक्या जवळ येतात की चेहरा पडदा भरून टाकतो. यातला गुंड रुबाबदार आहे, पोलिसालाही तो मनातून आवडतो. पण हा गुंड काही खास इटालियन म्हणून रंगवलेला नाही. मोहक व्हायचा मान पहिल्यांदा मिळाला तो दुसऱ्याच कोणाला.

पण गुन्हे तर खरे होते ना?

होते. हा आक्षेप अगदी रास्त आहे. दुकानांबाहेर बाँब फुटत होते, मुलं पळवली जात होती. शिवाय त्या भुरट्यांपलीकडे न्यूयॉर्कमध्ये जुझेप्पे मोरेल्लो आणि इग्नात्सिओ लुपो यांची खरोखरची, सिसिलीशी धागे असलेली माफिया टोळी होती. ते दोघे १९१० मध्ये खोट्या नोटांच्या प्रकरणात तुरुंगात गेले. पावतीपुस्तकवाले वेगळे आणि हे वेगळे. सिनेमाने आणि पेपरांनी दोघांची एकत्र खिचडी केली.

पण गुन्हा खरा म्हणजे गोष्ट पूर्ण खरी, असं होत नाही. कोण गाळला गेला तेही बघावं लागतं. जोसेफ पेट्रोसिनोचं उदाहरण घ्या. दक्षिण इटलीतल्या पादुला गावी १८६० मध्ये जन्म. लहानपणी न्यूयॉर्कला आला, बूटपॉलिश केलं, १८८३ मध्ये पोलिसात लागला. बुटका, रुंद, वेश बदलण्यात पटाईत. इटालियन वस्तीतले गुन्हे शोधायला त्याच्या हाताखाली इटालियन बोलणाऱ्या मोजक्या पोलिसांचं पथक दिलं गेलं, कारण बाकीच्या पोलिसांना फिर्यादीची भाषाच कळत नव्हती. १९०९ मध्ये अमेरिकेत आलेल्या गुन्हेगारांची जुनी दफ्तरं शोधायला तो गुपचूप सिसिलीला निघाला. गुपचूप कसलं, न्यूयॉर्कच्या एका पेपरात बातमीच आली. १२ मार्च १९०९ च्या रात्री पालेर्मोच्या पिआत्सा मरीना चौकात त्याला गोळ्या घातल्या. मारेकऱ्यांना कधीच शिक्षा झाली नाही. न्यूयॉर्कमधल्या अंत्ययात्रेला दोन लाखांहून अधिक लोक होते.

तीन वर्षांनी, १९१२ मध्ये, सिडनी गोल्डिन या दिग्दर्शकाने त्याच्यावर ‘द अ‍ॅडव्हेंचर्स ऑफ लेफ्टनंट पेट्रोसिनो’ काढली. म्हणजे इटालियन नायक असलेली फिल्म अशक्य नव्हती. पण त्याआधी त्याला मरावं लागलं. जिवंतपणीची त्याची तक्रार, की पथक अपुरं आहे, लोक साक्षीला घाबरतात, सरकार लक्ष देत नाही, ही कंटाळवाणी होती. तिच्यात टोपली नाही, दोरी नाही.

मग इटालियन लोक गप्प बसले?

नाही. शिकागोमध्ये १९०७ साली तिथल्या इटालियन मंडळींनी ‘व्हाइट हँड’ म्हणजे पांढरा पंजा नावाची संस्था काढली, खंडणीवाल्यांना तोंड द्यायला. १९०८ मध्ये गाएतानो द’आमातो यांनी एका नामांकित अमेरिकन मासिकात लेख लिहून सांगितलं की ब्लॅक हँड नावाची एकसंध संघटना ही दंतकथा आहे. लेख वाचणारे वेगळे आणि फिल्म बघणारे वेगळे, ही अडचण तेव्हाही होतीच.

त्याहून चमत्कारिक गोष्ट म्हणजे प्रेक्षकांत इटालियन लोक भरपूर होते. १९०५ पासून अमेरिकेत निकेलोडियन म्हणजे पाच सेंटचं थेटर पसरलं. निकेल हे पाच सेंटचं नाणं. रिकाम्या गाळ्यात खुर्च्या मांडायच्या, पडदा टांगायचा. भाषा येत नसलेल्या, दिवसभर राबून आलेल्या मजुराला हीच करमणूक परवडायची, आणि मूकपटाला भाषेची अट नाही. मलबरी स्ट्रीटवरचा खाटीक स्वतःच्या नकलेची फिल्म पैसे देऊन बघत होता.

तो काय विचार करत असेल? मला वाटतं, सगळेच काही दुखावून उठून जात नसतील. पळवलेली मारिया ही त्याच्या गल्लीतली पोर होती. धमकी आलेला अँजेलो म्हणजे तोच. बाकीचा प्रेक्षक पडद्यावर गुंड बघत होता तेव्हा हा बहुधा बाप बघत असेल. १९०६ च्या फिल्ममध्ये बळी आणि गुन्हेगार दोघेही इटालियन आहेत. पुढच्या पंधरा-वीस वर्षांत बळी हळूहळू पुसट झाला आणि गुन्हेगार तेवढा उरला, असं मला ओळीने फिल्म बघताना जाणवतं. १९१६ च्या ‘पुअर लिटल पेपिना’त तर माफिया पळवते ती अमेरिकन घरातली मुलगी, आणि तिचं काम करते ती साक्षात मेरी पिकफर्ड, तेव्हाची अमेरिकेची लाडकी नटी. आता भीती मलबरी स्ट्रीटची राहिली नाही, तिकीट काढणाऱ्या सुखवस्तू घराची झाली.

एकही सहानुभूतीची फिल्म नाही?

आहे, आणि ती चांगली आहे. १९१५ ची ‘द इटालियन’, दिग्दर्शक रेजिनाल्ड बार्कर, निर्माता थॉमस इन्स. व्हेनिसचा नावाडी बेप्पो न्यूयॉर्कला येतो, बूटपॉलिश करतो, लग्न करतो. उन्हाळ्यात बाळ आजारी पडतं, चांगलं दूध घ्यायला पैसे नाहीत, बाळ जातं. ज्या राजकारणी दादाने मदत नाकारली त्याचं मूलही पुढे आजारी पडतं. बेप्पो सूड घ्यायला त्याच्या घरात शिरतो. पाळण्यातलं मूल झोपेत मूठ गालाशी नेतं, त्याचं बाळ नेत असे तशीच. तो परत फिरतो. इथे कॅमेरा बेप्पोच्या चेहऱ्यावर थांबतो, आणि पहिल्यांदा ‘हा असं का करतो?’ याचं उत्तर ‘इटालियन आहे म्हणून’ यापेक्षा मोठं मिळतं.

नायकाचं काम करणारा जॉर्ज बेबान इटालियन नव्हता. जन्म सॅन फ्रान्सिस्कोचा. फिल्मचं आधी ठरलेलं नाव इटालियनांना हिणवणारी शिवी होती, ते त्याच्या आग्रहाने बदललं गेलं. तरीही फिल्म सुरू होते ती अशी: बेबान स्वतःच्या रूपात, उंची झगा घालून, ऐटीत कोचावर बसून ‘द इटालियन’ नावाचं पुस्तक उघडतो. म्हणजे प्रेक्षकहो, घाबरू नका, मी तुमच्यातलाच आहे, ही फक्त गोष्ट आहे. सहानुभूतीसुद्धा त्या चिठ्ठीसारखी तिसऱ्याच पत्त्यावर गेली.

मूकपट संपता संपता

१९२० मध्ये अमेरिकेत दारूबंदी आली आणि खंडणीच्या चिठ्ठ्या लिहिणं हा फुटकळ धंदा ठरला. दारूत बक्कळ पैसा होता. १९२४ च्या कायद्याने इटलीतून वर्षाला फक्त ३,८४५ माणसांना येऊ द्यायचं ठरलं; महायुद्धाआधी काही वर्षी हा आकडा दोन लाखांच्या वर होता. या कायद्यामागे बरीच कारणं होती, सिनेमाला सगळं श्रेय देणं बावळटपणाचं होईल. पण मत देणाऱ्यांनी आणि कायदा करणाऱ्यांनी रुमालवाला पाहिलेला होता, एवढं नक्की.

पडद्यावरचा गुंडही बदलला. १९२८ च्या ‘द रॅकेट’मधला निक स्कार्सी उंची कपडे घालतो, पोलीस आणि पुढारी खिशात ठेवतो. शिकागोच्या अल कपोनवरून तो बेतलेला आहे हे कोणाला सांगायची गरज नव्हती. पहिल्याच ऑस्करला या फिल्मला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं नामांकन होतं. पुढच्या दोन-तीन वर्षांत बोलपट सगळीकडे पसरला आणि गुंडाला उच्चार मिळाला. मग बाळी-रुमालाची गरजच संपली.

आणि खुद्द इटलीत?

भाच्याचा पुढचा प्रश्न हाच होता. इटलीतल्या बड्या कंपन्या त्या काळी रोमन सम्राट, हत्ती आणि भव्य महाल यांत गुंतल्या होत्या. सिसिलीच्या माफियाकडे त्यांचं लक्ष नव्हतं.

नेपल्समध्ये मात्र एल्विरा नोतारी नावाची बाई होती, इटलीची पहिली स्त्री-दिग्दर्शक. नवरा कॅमेऱ्यावर, मुलगा पडद्यावर, कंपनीचं नाव डोरा फिल्म. गाजलेल्या नेपोलितान गाण्यांवर ती फिल्म बेतायची, खऱ्या गल्ल्यांत चित्रण करायची, आणि थेटरात पडद्याशेजारी गायक उभा राहून ती गाणी म्हणायचा. तिच्या गोष्टींत ‘ग्वाप्पो’ येतो, म्हणजे गल्लीचा दादा: छाती काढून चालणारा, सुरी बाळगणारा, अब्रूपायी जीव घेणारा. पण तो तिथे कोणाचा तरी मुलगा, कोणाचा तरी वेडा प्रेमी असतो आणि त्याच्या आईला सगळी गल्ली ओळखते.

पुढे मुसोलिनीच्या सेन्सॉरला हे गरीब, भांडकुदळ नेपल्स जगाला दाखवणं पसंत पडेना. नोतारीच्या फिल्म बोटीने न्यूयॉर्कला जात राहिल्या. तिथे नेपल्सहून आलेले लोक त्या बघायला गर्दी करत, आणि गाणं सुरू झालं की त्याचा अर्थ कोणाला समजावून सांगावा लागत नसे.